दुसऱ्यांच्या लग्नातली जन्नतबी

बेल्ह्याच्या बाजारात जलाल कागदीला ओळखत नाही असा माणूस सापडायचा नाही, आणि जलालनं ज्याचा फोटो काढला नाही असा तर त्याहून नाही. बैलबाजाराकडं निघालं की उजव्या हाताला 'रोशन फोटो स्टुडिओ' अशी पाटी, खाली बारक्या अक्षरांत 'लग्नाचे फोटो, व्हिडिओ, फ्लेक्स बॅनर', आणि आत चष्मा कपाळावर ढकलून कॉम्प्युटरच्या पडद्यात नाक खुपसून बसलेला जलाल. आजोबांच्या वेळेला घराण्यात जुन्नरी कागद बनायचा, आडनाव तिथनं आलं. बापानं काळ्या कापडाखाली डोकं घालून फोटो काढले. जलालच्या वाट्याला कॉम्प्युटर आला, आणि त्यानं तो असा काही जीव लावून सांभाळला की बायको म्हणायची, "मला ताप आला तर गोळी देतात, त्याला ताप आला तर पंखा लावून शेजारी बसतात."

जलालच्या हातची एक कला पाटीवर लिहिलेली नव्हती. ती लिहितात तरी कशी? गावात कुणी म्हातारं माणूस गेलं, की दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी घरचं कुणीतरी दुकानाच्या पायरीवर येऊन उभं राहायचं. "जलालभाई, आमच्या आईचा एकबी फोटो न्हाई वो घरात. बगा की कुटं घावतोय का." मग जलाल विचारायचा, म्हातारी कुणाकुणाच्या लग्नाला गेली होती? भाच्याच्या गेली होती, शेजारच्या पोरीच्या गेली होती. की हा बसला हुडकायला. आणि घावायचीच म्हातारी! कुठं पंगतीत भाताची बादली घेऊन वाकलेली, कुठं मांडवाच्या खांबाला टेकून जांभई देताना, कुठं नवरदेवाच्या खांद्यामागनं डोकावताना. तेवढा चेहरा अलगद सोडवून घ्यायचा, मागं निळा पडदा टाकायचा, अंगावर बिनसुरकुतीचं लुगडं चढवायचं, आणि दहाव्याच्या आत फ्रेम तयार. जन्मात स्वतःसाठी कधी कॅमेऱ्यासमोर न बसलेली माणसं जलालच्या हातनं अशी घरोघरी भिंतीवर आली.

म्हणूनच जलाल एकही फोटो पुसत नसे. बाकीचे स्टुडिओवाले अल्बम पोचवला की मूळ फोटो उडवून जागा मोकळी करायचे. हा पठ्ठ्या हललेले, डोळे मिटलेले, कोपरा कापलेले सगळे फोटो ठेवून द्यायचा. गिऱ्हाईक येऊन मॉनिटरवर थाप मारायचं, "लई मोठा कॉम्प्युटर घेतला राव!" की याचा वर्ग सुरू. "अहो, ही नुस्ती खिडकी हाय. कॉम्प्युटर त्यो खालचा डबा. त्यात प्रोसेसर म्हंजे डोकं. रॅम म्हंजे काम करायचं टेबल, लाइट गेली की टेबलावरचं सगळं गेलं. आन हार्ड डिस्क म्हंजे कोठार. लाइट जाऊ द्या न्हाईतर राहू द्या, कोठारातलं कोठारात. तुमची सगळी लग्नं तिथं हाईत." ऐकणारा बिचारा रेशनकार्डाची झेरॉक्स काढायला आलेला असायचा. पण जलालचं तोंड एकदा सुरू झालं की कोण बंद करणार?

नारायणगावात नवनाथ म्हणून कॉम्प्युटर दुरुस्तीवाला होता, जलालचा जुना दोस्त. कॉम्प्युटर सुरू होईना की रॅमची पट्टी काढून तिचे पितळी दात खोडरबरानं घासायचे, हे त्यानंच शिकवलं. त्यानंच डोक्यात भरवलं होतं, की प्रत्येक डिस्कची दुसरी कॉपी काढायची, ती घरी ठेवायची आणि काम नसताना वायरीला लावून ठेवायची नाही. जलालनं ते मनावर घेतलं होतं. दुकानातल्या डिस्का दुकानात, आणि जोडीच्या डिस्का घरी लोखंडी कपाटात, जन्नतबीच्या जुन्या ओढणीत गुंडाळून.

आता जन्नतबी. ही जलालची बायको. हातात मेंदीचा कोन घेतला की बाईचं भान हरपायचं. बेल्ह्यापासून पार आंबेगाव तालुक्यातल्या महाळुंगे पडवळपर्यंत, मराठ्यांची असो, बौद्धांची असो, माळ्यांची असो, मुसलमानांची असो, लग्न ठरलं की मेंदीला जन्नतबी. आदल्या दिवशी जायची ती लग्न लागल्याशिवाय परत यायची नाही. नवरीच्या मागं-पुढं, तिचा पदर सावर, बाही सरळ कर, तिला पाणी पाज. आणि त्याच लग्नात नवरा कॅमेरा घेऊन! नवरा-बायको एकाच मांडवात राबायचे आणि संध्याकाळी एकाच मोटरसायकलवरनं घरी यायचे.

पण फोटो काढू देईल तर शपथ! जलालनं कॅमेरा वळवला की हिनं तोंड फिरवलंच. "माझा न्हाई काढायचा. तुमच्या हातात माणूस आलं की भिंतीवरच जातं." असं म्हणून स्वतःच खो-खो हसायची. पुढं घरोघरी मोबाइल आले, लेक रुमानानं ईदला फोटो काढायला मोबाइल उचलला, तर त्यात काय आलं? एक उघडा पंजा आणि त्याच्या मागं ओढणी. जलालला याचं काही वाटायचं नाही. बायको समोर होती, फोटो कशाला पाहिजे होता त्याला?

गेल्या हिवाळ्यात जन्नतबीला ताप आला. साधा ताप म्हणून अंगावर काढला, छातीत उतरला आणि बाई गेली. इतकं सरळ. सांगायला लागलं तर एका वाक्यात संपतं, आणि घर त्या वाक्याखाली चेंगरून जातं.

चाळिसावा झाला आणि रुमाना बापाजवळ येऊन बसली. ती मंचरला दिलेली. घरात दखनी उर्दू बोलली जायची, पण रुमाना मराठी शाळेत शिकलेली, बापाशी मराठीतच बोलायची. मांडीवर तिची पोर, अजून बोबडंही धड न बोलणारी. "अब्बा, हिला नानी आठवणार न्हाई. एक फोटो द्या अम्मीचा. भिंतीवर न्हाई लावत, तिला आवडायचं न्हाई ते. नुस्ता हिला दावायला."

आधार कार्ड काढून बघितलं. त्यावरचा फोटो म्हणजे काय सांगावं! काळा डाग आणि त्यात दोन पांढरे ठिपके. रुमाना म्हणाली, "हा अम्मीचा हाय असं सांगितलं तर पोरगी भिऊन रडंल." आणि ती स्वतःच रडायला लागली.

जलालनं तिच्या डोक्यावर हात ठेवला. "अगं, तुजी अम्मी निम्म्या तालुक्याच्या लग्नात हाय. साऱ्या गावाच्या म्हाताऱ्या हुडकून दिल्या मी, माझी बायको घावणार न्हाई व्हय मला?"

आणि तो कामाला लागला. दुकानातल्या जुन्या डिस्का लावून बघितल्या, तर त्यातल्या काही आतनं टक-टक, टक-टक वाजायला लागल्या. डिस्क असं वाजायला लागली की तिचं संपलं म्हणायचं. आतली चकती फिरते, पण वाचणारी सुई जागेवर बसत नाही. जलाल घाबरला नाही. घाबरायचं कशाला, जोडीच्या डिस्का घरी होत्या ना! त्यानं कपाट उघडलं, ओढणीतनं सगळ्या डिस्का काढल्या, पिशवीत घालून दुकानात आणल्या आणि सगळ्या एकदमच कॉम्प्युटरला जोडल्या. रोज काढायच्या, रोज लावायच्या, कोण करत बसतंय? जन्नत सापडेपर्यंत राहू देत, मग नेऊन ठेवू घरी. नवनाथचं सांगणं त्याला आठवलं नाही असं नाही. आठवलं. पण बायकोला हुडकायला बसलेल्या माणसाला असलं काही ऐकू येतं का?

दुपारची गर्दी ओसरली की तो हुडकायला बसायचा. आणि जन्नतबी सापडायला लागली, पण कशी! कुठं नवरीच्या कोपराला धरलेला नुसता हात. कुठं पाठ. कुठं वाऱ्यानं ओढणी तोंडावर आलेली. एका ठिकाणी तर कॅमेरा बघून टोपल्याआड तोंड लपवलेलं. जलाल एकटाच पडद्याशी बोलायचा, "अगं ए, वर बघ की जरा!" शेजारचा चहावाला ऐकायचा आणि कप ठेवून जायचा.

मग महाळुंगे पडवळच्या लग्नात ती सापडली. आक्काबाईच्या लेकीचं, साक्षीचं लग्न. बौद्धवाडीत समाजमंदिरापुढं मांडव, मागं बुद्ध-बाबासाहेबांच्या तसबिरी, साक्षी पांढऱ्याशुभ्र साडीत. तिच्या शेजारी जन्नतबी. पांढऱ्या साडीला ऐन वेळी गिरवलेली ओली मेंदी लागू नये म्हणून साक्षीची बाही तिनं चिमटीत धरलेली, आणि कुणीतरी काहीतरी बोललं असणार, कारण ती हसत होती. सरळ कॅमेऱ्याकडं बघून, तोंड भरून, ओढणी मागं सरकलेली. आपला फोटो निघतोय हे तिच्या ध्यानातच आलं नव्हतं.

जलालनं लगेच रुमानाला फोन लावला. "घावली! हसतीया!"

"पाठवा, अब्बा. आत्ताच्या आत्ता पाठवा."

"थांब गं. मांडवाची सावली आलीय तोंडावर. उजळून, नीट करून पाठवतो. तुझ्या आईला अशीच पाठवू व्हय?"

अरे बाबा, पाठवायची होतीस तशीच! निदान मोबाइल उचलून पडद्याचा फोटो तरी मारायचास! पण नाही. सारा जन्म फोटोत घालवलेला माणूस, पडद्याचा फोटो काढणं म्हणजे त्याला उष्टं वाढल्यासारखं वाटायचं. ज्याला यातलं काही कळत नाही त्यानं तेवढ्या वेळात दहा जणांना फोटो पाठवून दिला असता. कारागिरीचा अभिमान माणसाला कुठं आडवा येईल, सांगता येत नाही.

तेवढ्यात यात्रांचा हंगाम लागला. यात्रा कमिटीचे गेणभाऊ दारात. "जलालभाई, संध्याकाळी बॅनर वेशीवर लागला पायजे. मागल्या वर्षीसारखा नको, जरा झगझगीत करा. शेजारच्या गावानं बघून तोंडात बोट घातलं पायजे." जन्नतबीचा फोटो तसाच उघडा ठेवून जलालनं बॅनरचं काम घेतलं.

आता ही फ्लेक्सवाल्यांची रीत ऐका. शून्यातनं बॅनर कुणी बनवत नाही. यांचा मोबाइलवर ग्रुप असतो. कुणी देवळाची कमान टाकतं, कुणी फुलांच्या माळा, कुणी वाघ, कुणी तलवारी. घ्यायचं, नाव-गाव बदलायचं आणि छापायचं. त्या दिवशी आळेफाट्याच्या गोरखनं ग्रुपवर एक फाइल टाकली होती. 'यात्रा बॅनर, नवीन डिझाइन, सगळे फॉन्ट सोबत, फुकट.' खाली सूचना, की उघडण्याआधी अँटिव्हायरस बंद करावा.

दुसरा कुणी असता तर दचकला असता. चौकीदाराला झोपवा आणि मग दार उघडा, असं सांगणारा पाहुणा कधी भला असतो का? पण जलालला त्यात नवल वाटलं नाही. फोटोचं सॉफ्टवेअर चोरीचं, फॉन्ट चोरीचे, छपाईचं सॉफ्टवेअर चोरीचं, आणि चोरीचं काही बसवायचं म्हटलं की दर वेळी हेच सांगितलेलं असायचं. अँटिव्हायरस लाल होऊन ओरडायचा आणि जलाल त्याला गप्प करायचा. वर्षानुवर्षं गप्प करत आला होता. शिवाय गोरख ओळखीचा, त्यानं टाकलीय म्हणजे त्यानं बघितली असणार. गोरख कसली बघतोय! त्याला दुसऱ्या ग्रुपवर आली, त्यानं न उघडताच पुढं ढकलली.

जलालनं अँटिव्हायरस बंद केला. फाइल उघडली. देवळाची कमान बिमान काही आली नाही. एक काळी चौकट चमकली आणि गेली. "गोरख्या, काय कचरा पाठवतो रं," असं पुटपुटत त्यानं मागल्याच वर्षीचा बॅनर काढला, त्यात दोन माळा घातल्या, आणि छपाईचं मशिन लावून गेणभाऊंबरोबर चहा प्यायला बाहेर पायरीवर बसला. आत डब्याचा पंखा घोंघावायला लागला होता. जोडलेल्या सगळ्या डिस्कांचे बारके दिवे एकदमच लुकलुकत होते. जलालला ते पायरीवरनं दिसतही होते. तेव्हाच उठून वायर उपटली असती तर निम्मं वाचलं असतं. पण त्याला वाटलं, उन्हाळा आहे, तापला असेल.

चहा पिऊन आत आला तर पडद्यावरचे फोटो गेले होते. म्हणजे नावं होती, पण प्रत्येक नावाला शेपटीसारखी तीच चार परकी अक्षरं चिकटलेली, आणि चित्राच्या जागी कोरा पांढरा कागद. एक लग्न उघडलं, पांढरं. दुसरं उघडलं, पांढरं. घरच्या डिस्का, दुकानच्या डिस्का, सगळीकडं तेच. प्रत्येक लग्नाच्या फोल्डरमध्ये एक इंग्रजी चिठ्ठी टाकलेली, की तुमच्या फायली कुलूपबंद केल्या आहेत, चावी पाहिजे तर पैसे भरा. त्यानं साक्षीच्या लग्नाचा तो फोटो उघडायला बोट दाबलं. 'ही फाइल उघडता येत नाही.' परत दाबलं, परत दाबलं. गेणभाऊ बॅनरची गुंडाळी काखेत मारून दारात उभे. "झ्याक झालाय बरं का!" म्हणाले आणि गेले.

मुडदा बशिवला त्या कुलूप लावणाऱ्यांचा! कुठल्या देशात बसले असतील, कुणास ठाऊक. बेल्हं कुठं आहे हेही त्यांना माहीत नसेल. त्यांना काय ठाऊक, आपण कुणाकुणाच्या आया कोंडल्या?

नारायणगावहून नवनाथ धावत आला. सगळ्यात आधी त्यानं इंटरनेटची वायर काढली, मग एकेक डिस्क तपासली, आणि ज्या क्षणी त्याला कळलं की घरच्या डिस्काही जोडलेल्या होत्या, त्यानं कपाळावर हात मारून घेतला. "जलाल, तुला मी काय सांगितलं व्हतं रं?"

"जन्नतला हुडकत व्हतो."

नवनाथनं डिस्का बाजूला सारल्या आणि समजावून सांगितलं. फायली गेल्या नाहीत. जागच्या जागी आहेत, पण आतलं सगळं आकड्यांनी असं कालवून टाकलंय की चावीशिवाय कुणालाही वेगळं काढता येणार नाही. पोलिसांनी आणि काही कंपन्यांनी अशा सापडलेल्या चाव्या नेटवर फुकट ठेवल्यात, नवनाथनं त्या सगळ्या लावून बघितल्या. यातली एकही लागली नाही. ऑनलाइन तक्रार केली, तिचा नंबर आला, बाकी काही आलं नाही.

"मी पैसे भरतो," जलाल म्हणाला. "दुकान विकीन, पण भरतो."

"भरून चावी मिळंलच असं न्हाई. पण हे बघ," नवनाथनं चिठ्ठीतल्या एका ओळीवर बोट ठेवलं. "खात्री पटावी म्हणून एक फाइल फुकट उघडून देतो म्हणत्यात."

एक फाइल! जलालला तरी किती पाहिजे होत्या? गावाची सगळी लग्नं एका बाजूला आणि ती एक फाइल दुसऱ्या बाजूला. त्यानं ती जोडली आणि चिठ्ठीतल्या पत्त्यावर लिहायला बसला. नवनाथ म्हणाला, काही लिहू नको, नुसती फाइल पाठव, तुझं काळीज त्यात आहे हे त्यांना कळलं तर आणखी नाडतील. पण जलालचे हात थांबले नाहीत. मोडक्यातोडक्या इंग्रजीत त्यानं लिहिलं, 'सर, हा माझ्या बायकोचा फोटो आहे. ती वारली. दुसरा फोटो नाही.' आणि पाठवून दिलं.

पत्र तसंच परत आलं. असा पत्ता अस्तित्वात नाही, म्हणे. चिठ्ठीतला दुसरा पत्ता होता, त्यावर पाठवलं. तेही परत आलं. नवनाथनं पुन्हा पुन्हा बघितलं आणि मग खाली मान घालून म्हणाला, "हा व्हायरस जुना दिसतोय, जलाल. ज्यांनी सोडलं ते पकडले तरी गेले असतील न्हाईतर पळाले तरी. ते न्हाईत, आन त्यांचं कुलूप अजून फिरतंय गावोगाव."

म्हणजे ज्याच्या पायावर डोकं ठेवायचं तो चोरसुद्धा उरला नव्हता. जलाल त्या दिवशी घरी गेला आणि भिंतीकडं तोंड करून पडून राहिला. रुमानाचे फोन येत राहिले, त्यानं उचलले नाहीत. शेवटी उचलला तेव्हा सगळं सांगितलं. पोरगी शहाणी, एका शब्दानं बापाला बोलली नाही. फक्त म्हणाली, "अब्बा, पण साक्षीच्या घरी असंल की तो फोटो. लग्न त्यांचं हाय."

हे त्याला सुचलंच नव्हतं! लग्नाच्या वेळी त्यानं आक्काबाईला सगळ्या मूळ फोटोंची डीव्हीडी दिली होती, आणि वर छापलेला अल्बम. त्यानं मोटरसायकलला किक मारली आणि थेट महाळुंगे पडवळ गाठलं.

आक्काबाई दारातच शेंगा निवडत होती. साक्षीची आई, आता थकलेली, पण नजर तीच. "जय भीम, जलालभाऊ! या, या. जन्नतभाबीचं कळलं तवा लई वाईट वाटलं वो. सोन्यासारखी बाई. आमच्या साक्षीच्या पातळाला मेंदीचा ठिपका लागू दिला न्हाई तिनं."

जलालनं पाणीही न घेता डीव्हीडीचं विचारलं. आक्काबाईचा चेहरा उतरला. घरातला डीव्हीडीचा डबा कधीच बंद पडला होता. चकती नुसतीच पडून, म्हणून मालकानं ती शेतात नेऊन दोरीला टांगली, चमकली की पाखरं कणसावर बसत नाहीत. दोघं शेताकडं गेले. काठीला बांधलेली चकती वाऱ्यानं गरगर फिरत होती. जलालनं ती सोडून हातात घेतली. उन्हानं चकतीचे पदर सुटून आतला चंदेरी पापुद्रा सोलून निघाला होता, आरपार दिसत होतं. फोटो त्या पापुद्र्यातच असतात, बाकीचं नुसतं प्लास्टिक. आक्काबाईला काय कळायचंय हे? ती पुन्हा पुन्हा म्हणत राहिली, "आमास्नी काय म्हाईत वो भाऊ, आमास्नी काय म्हाईत." जलाल म्हणाला, "असू द्या, आक्का. अल्बम हाय ना? अल्बम दावा."

अल्बम होता. प्लास्टिकच्या पिशवीत घालून पेटीत ठेवलेला, नव्यासारखा. जलाल ओट्यावर बसला आणि पानं उलटायला लागला. कागदावरून फोटो पुन्हा काढून घेतला तरी चालणार होतं, बारीकसारीक कमी-जास्त त्यानं केलंच असतं. हळद झाली, वऱ्हाड आलं, आणि मग ते पान आलं. अख्ख्या पानाचा एकच फोटो. समाजमंदिर, तसबिरी, पांढऱ्या साडीतली साक्षी. तोच क्षण.

साक्षीच्या शेजारी, जिथं जन्नतबी उभी होती, तिथं फुलांचा खांब होता. झेंडू आणि निशिगंध, वरपासून खालपर्यंत.

जलालनं चष्मा पुसून परत बघितलं. मांडवात असा खांब नव्हताच. हा खांब त्यानं बसवला होता. अल्बमच्या मोठ्या पानावर नवरीशेजारी भलतं माणूस नको, हा त्याचा धंद्याचा नेम. कुणी सांगितलं नव्हतं, कुणी मागितलं नव्हतं. त्याला ती संध्याकाळ लख्ख आठवली. दुकानात तो माउस धरून बसलेला, मागं स्टुलावर चहा फुंकत जन्नतबी. "अगं, तू मधीच आलीस बघ. तुला काढतो आन फुलं लावतो." आणि ती हसून म्हणाली होती, "काढा की. बरंच झालं."

त्यानं खांबाच्या कडेवरनं बोट फिरवलं. निदान बाहीला धरलेली बोटं तरी राहिली असतील, ओढणीचा काठ तरी. काही नव्हतं. कामात कधी खोट ठेवायचा नाही तो. साक्षीची बाही नीट जुळवलेली, खांबाची सावलीसुद्धा बरोबर जमिनीवर पडलेली. जवळ उभी आक्काबाई कौतुकानं म्हणाली, "ह्यो फोटो मातुर लई झ्याक काढलाय तुमी. येईल त्यो ह्याचंच नाव काढतो."

जलालच्या खिशातला फोन वाजला. रुमाना होती. पलीकडं तिची पोर काहीतरी बडबडत होती.

"अब्बा, पोचलात? हाय का अल्बम? घावली का अम्मी?"

"अल्बम हाय," जलाल म्हणाला. "फोटोबी हाय."

"मग? अम्मी न्हाई त्यात? कडंला कापली गेली का?"

"न्हाई गं," जलाल म्हणाला, आणि मग इतका वेळ धरून ठेवलेलं रडू त्याला आवरेना. "मीच पुसली, बेटा. नीट पुसली. तिच्या जागी फुलं लावली."